विषाची परीक्षा

विषाची परीक्षा बघू नये, म्हणतात आमच्याकडे.
मी सात वर्षं तिचाच पगार घेते,
सीबमध्ये, विमानतळाच्या अलीकडे,
दुसऱ्या मजल्यावर.

बाहेर जूनचे शेहेचाळीस.
इनक्युबेटरमध्ये सदतीस.
पेशी माझ्याहून सुखात आहेत,
कोकम सरबताच्या रंगाच्या पाण्यात बुडून.
हे मस्कत आहे की मिरज,
त्यांना काय त्याचं.

त्यांच्यात एक दुरुस्ती पाठवायची आहे.
तीन अब्ज अक्षरांत एक चुकलेलं,
तेवढ्यानं रक्ताची चकती विळ्यासारखी वाकते
आणि माणूस रात्रभर गुडघे धरून बसतो.
जनुक तयार आहे. वाहक तयार आहे.
वरच्या मजल्यावर केशरी हलव्याचा डबाही फिरून आला.
मग ती कुपी खाली येते, माझ्याकडे,
आणि मी हलवा न खाल्लेल्या माणसासारखं विचारते:
चिठ्ठी पोचली, ठीक.
घर शाबूत आहे ना?

एक थेंब निळा टाकायचा.
मेलेली पेशी तो पिऊन टाकते.
जिवंत असते ती दार उघडत नाही,
भिंगाखाली नितळ दिसते, कडेला उजेड घेऊन.
डाव्या अंगठ्यानं निळ्या मोजायच्या,
उजव्यानं नितळ.
टक. टक. टकटक.

हा रंग मुळात कापडाचा.
आप्पा इचलकरंजीत रंगखात्यात होते,
नखांच्या कडा कायम निळ्या,
लग्नाच्या फोटोतसुद्धा.
रंग धरत नाही ते सूत मेलेलं, म्हणायचे.
मी फोनवर सांगितलं, आमच्याकडे उलटं असतं, आप्पा.
ते बराच वेळ गप्प.
मग म्हणाले, "म्हणजे आमचं सूत
आधीच मेलेलं असायचं होय.
म्हणून मुकाट घ्यायचं."

थुरैया बलुशी शेजारच्या बाकावर काम करते.
तिचा भाऊ मुंधिर, एकोणीस वर्षांचा,
यंदा चारदा वॉर्डात.
ती मला कधी विचारत नाही, कसं चाललंय.
फक्त गुरुवारी बाहेरच्या टेबलावर
खजूर ठेवते, बिया काढून.
जातीचं नाव खलास.
पहिल्या वर्षी मी ऐकून हसले होते,
का ते तिला सांगितलं नाही.
अजून सांगितलेलं नाही.

आज रात्री मोजलं.
पूर्ण डोसला शंभरात एकसष्ट निळ्या.
पुन्हा मोजलं. त्रेसष्ट.
डोस पाव केला तर सगळ्या नितळ,
आणि चिठ्ठी कुणालाच मिळालेली नाही.
मध्ये कुठल्याशा थेंबाला
निम्म्या मरतात, निम्म्या राहतात;
त्या आकड्याला आमच्या शास्त्रात मान आहे,
तक्त्यात तो ठळक छापतात.

यात हुशारी काही नाही.
मी काही शोधलं नाही.
एक ‘नको’ लिहिलं वहीत,
तारखेसकट, सहीसकट,
ही कुपी मुंधिरच्या शिरेपाशी जायच्या आधी.
तिथं थाळी फेकून
दुसरी घेता येत नाही.

थुरैयानं पान वाचलं.
बेसिनवर हात धुतले, बराच वेळ,
हातमोजे तर अजून हातातच होते.
"उद्या कुठला डोस?"
"पाव आणि अर्ध्याच्या मध्ये."
उद्या शुक्रवार.
दोघींनाही आठवलं, दोघीही बोललो नाही.
पेशींना शुक्रवार नसतो.

बाहेर येऊन, कॉरिडॉरच्या थंड लादीवर,
एकेक खजूर खाल्ला.
मग मी नवी थाळी काढली
आणि झाकणावर निळ्या पेननं
उद्याची तारीख घातली.